माल दारात पोहोचेपर्यंतचा खर्च आधी कसा काढायचा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: पितळी खांब आणि कापडी टोपी असलेले दोन टेबललॅम्प तुम्ही परदेशातल्या एका ग्राहकाला 400 डॉलरला विकले. तिथलं आयात शुल्क 10 टक्के आणि विक्रीवरचा कर 20 टक्के, म्हणून ग्राहकाला ‘120 डॉलर भरावे लागतील’ असं कळवलंत. कुरियरवाल्याने दारात जवळपास 250 मागितले. ग्राहकाने पार्सल नाकारलं आणि ते आता तिथल्या गोदामात पडून आहे. वर भाड्याचं बिल तुमच्या अंदाजाच्या साडेतीनपट, म्हणजे 320 डॉलर आलं. चूक कुठे झाली आणि पुढच्या वेळी आकडा आधीच कसा काढायचा, असं तुम्ही विचारलंय. गणित सोपं राहावं म्हणून तुमचे आकडे मी थोडे गोल करून घेतो.

आधी त्या पार्सलचं बघा, कारण गोदामभाडं रोज चढतंय. नाकारलेलं पार्सल परत मागवलंत तर परतीचं भाडं पुन्हा तुमच्याच माथी. शिवाय तो तुमचाच माल परत येतोय हे कागदोपत्री दाखवता आलं नाही, तर आपल्या बाजूलाही आयात शुल्क भरायची पाळी येते. नुसतं सोडून दिलंत तर माल नष्ट करण्याचा खर्च पाठवणाऱ्यावर टाकला जाऊ शकतो. म्हणून आजच कुरियरला लेखी कळवा की शुल्क आणि कर पाठवणाऱ्याच्या खात्यावर टाका, आणि ग्राहकाला फोन करून सांगा की आमच्याकडून आकडा चुकला, वरची रक्कम आम्ही भरतो. त्याने आधी कबूल केलेले 120 दिले तर उत्तम. नाही दिले तरी 250 भरून माल त्याच्या हाती पडणं हे 320 डॉलर परतीच्या भाड्यात घालण्यापेक्षा स्वस्त आहे, आणि ग्राहकही टिकतो.

आता मूळ प्रश्न. तुम्ही दर बरोबर शोधले होते. चुकला तो पाया, म्हणजे ते दर ज्या रकमेवर लागतात ती रक्कम. माझ्या इतक्या वर्षांच्या कामात अंदाज फसलेल्या कन्साईनमेंट पाहिल्या, त्यांत दर चुकीचा धरल्याने फसलेल्या कमी आणि पाया चुकल्याने फसलेल्या पुष्कळ जास्त.

बहुतेक देश शुल्क आकारताना नुसती मालाची किंमत धरत नाहीत, तर माल तिथल्या सीमेपर्यंत पोहोचवण्याचं भाडं आणि विमाही त्यात मिळवतात. युरोपीय संघ, ब्रिटन, जपान, भारत हे सगळे असंच करतात. या बेरजेला व्यापारात सीआयएफ मूल्य म्हणतात. त्यावर आधी शुल्क लागतं आणि नंतर मूल्य अधिक शुल्क या एकूण रकमेवर कर लागतो. म्हणजे शुल्कावरही कर भरावा लागतो. 10 आणि 20 यांची बेरीज 30 होते, पण इथे ती चालत नाही.

तुमच्या अंदाजातलंच भाडं घेऊन बघू. माल 400, भाडं 90, विमा 10, म्हणजे मूल्य 500. शुल्क 50. कर 550 वर 20 टक्के, म्हणजे 110. एकूण 160. तुम्ही सांगितलेल्या 120 पेक्षा इथेच 40 डॉलर वाढले. मग दारात 250 कसे झाले? कुरियरने क्लिअरन्स करताना, म्हणजे सीमाशुल्कातून माल सोडवताना, प्रत्यक्ष बिलातलं भाडं धरलं, आणि ते 320 होतं. 400 अधिक 320 अधिक 10, म्हणजे 730. शुल्क 73, कर 803 वर 160.60, मिळून 233.60. त्यात कुरियरने तुमच्या ग्राहकाच्या वतीने आधी पैसे भरल्याबद्दलचा आकार, समजा 15. झाले 248.60. भाड्याचा अंदाज चुकला की तो एकदाच चुकत नाही. त्याच चुकीवर शुल्क लागतं आणि मग करही लागतो. म्हणून भाड्याकडे मी पुढे सविस्तर येणार आहे.

सगळेच देश असे नाहीत, हेही लक्षात ठेवा. अमेरिका आणि कॅनडा शुल्क काढताना आंतरराष्ट्रीय भाडं आणि विमा वगळतात. ऑस्ट्रेलियाची पद्धत मिश्र आहे. तिथे शुल्क भाड्याशिवायच्या किमतीवर लागतं, पण 10 टक्के जीएसटी काढताना किंमत, शुल्क, भाडं आणि विमा सगळं धरलं जातं. अमेरिकेत आयातीच्या वेळी मूल्यवर्धित कर नाही, मात्र रीतसर क्लिअरन्स असेल तर मालाच्या किमतीवर 0.3464 टक्के प्रक्रिया आकार लागतो. त्याला किमान आणि कमाल मर्यादा आहे, आणि समुद्रमार्गे माल गेला तर 0.125 टक्के बंदर आकारही आहे. म्हणून नवीन देशाला पहिल्यांदा माल पाठवताना दर शोधायच्याही आधी एवढं एकच विचारा: इथे शुल्क कशावर लागतं आणि कर कशावर लागतो? दोन्हींची उत्तरं वेगवेगळी असू शकतात.

किंमत म्हणजे कोणती, हाही घोळ होतो. ग्राहकाने प्रत्यक्ष दिलेली किंवा द्यायची रक्कम ही मूल्याची पहिली कसोटी. जागतिक व्यापार संघटनेच्या मूल्यांकन करारात एकूण सहा पद्धती आहेत. पहिली लागू पडली नाही तरच दुसरीकडे जायचं. म्हणून नमुना फुकट पाठवला तरी इन्व्हॉइसवर शून्य लिहायचं नाही, त्याची खरी किंमत लिहायची. आणि ग्राहक गळ घालतो म्हणून 400 च्या मालाचं 40 चं इन्व्हॉइस कधीही करू नका. हे मी कळकळीने सांगतो. माल अडकतो, दंड होतो, हरवला तर विमा 40 चाच मिळतो, आणि एकदा नाव नजरेत भरलं की पुढचं प्रत्येक पार्सल उघडलं जातं. ‘गिफ्ट’ लिहूनही विक्रीचा माल भेट होत नाही. खऱ्या भेटींनाही मर्यादा असतेच. युरोपीय संघात ती 45 युरो आहे आणि ब्रिटनमध्ये 39 पौंड.

आता एचएस कोड. मालाच्या वर्गीकरणाची ही पद्धत जागतिक सीमाशुल्क संघटनेची, 1988 पासून लागू असलेली. पहिले सहा आकडे जवळपास सगळ्या जगात सारखे. पुढचे आकडे ज्याचे त्याचे: युरोपात आयातीसाठी 10, अमेरिकेत 10, भारतात 8. म्हणून आपल्याकडचा आठ आकडी कोड परदेशात जसाच्या तसा चालत नाही. पहिले सहा घ्यायचे आणि पुढचे त्या देशाच्या दरपत्रकात शोधायचे. साधारण दर पाच वर्षांनी यात दुरुस्ती होते. सध्याची आवृत्ती 2022 ची आहे, पुढची 1 जानेवारी 2028 पासून लागू होईल. तुमच्या दिव्यांना 2022 च्या बदलाचा थेट फरक पडतो. विजेचे टेबललॅम्प 9405 मध्ये येतात, आणि तेव्हापासून फक्त एलईडीसाठी बनवलेला लॅम्प वेगळ्या उपविभागात गेलाय. होल्डरमध्ये साधा बल्बही बसत असेल तर उपविभाग दुसरा. तुमचा होल्डर कोणता आहे ते इन्व्हॉइसवर यायला हवं.

तुमचं इन्व्हॉइस मी वाचलं. त्यावर ‘पितळी शोभेची वस्तू’ एवढंच लिहिलंय. हे वाचून अधिकाऱ्याने माल धातूच्या शोभिवंत वस्तूंच्या 8306 मध्ये टाकला तर त्याला दोष देता येणार नाही. त्याच्यासमोर दिवा नसतो, कागद असतो. लिहायचं ते असं: ‘विजेचा टेबललॅम्प, खांब पितळी, टोपी सुती कापडाची, फक्त एलईडीसाठी, नवीन, 2 नग.’ वस्तू काय आहे, कशाची आहे, कशासाठी आहे, नवी की वापरलेली, आणि किती. मी माझ्या माणसांना सांगतो की वर्णन असं लिहा की वस्तू न बघता दुसऱ्याला तिचं चित्र काढता आलं पाहिजे.

वर्गीकरणात किती पैसा अडकलेला असतो, याचं एक उदाहरण. अमेरिकेत बाह्या असलेलं एक लोकरीसारखं ऊबदार पांघरूण ‘स्नगी’ नावाने विकलं जायचं. सीमाशुल्क विभागाचं म्हणणं, बाह्या आहेत म्हणजे हा अंगावर घालायचा कपडा, शुल्क 14.9 टक्के. आयातदाराचं म्हणणं, हे पांघरूणच, 8.5 टक्के. 2017 साली तिथल्या आंतरराष्ट्रीय व्यापार न्यायालयाने ते पांघरूण ठरवलं. एका वस्तूच्या नावावरून साडेसहा टक्क्यांच्या आसपासचा फरक. तुमच्या दोन दिव्यांसाठी कोर्टात जायची वेळ येणार नाही, पण एखादं मॉडेल शेकड्याने जाऊ लागलं आणि कोडबद्दल शंका असेल, तर त्या देशाच्या सीमाशुल्क विभागाकडून आधीच लेखी निर्णय घेता येतो. युरोपात असा निर्णय साधारणपणे तीन वर्षं बंधनकारक राहतो. त्यात वेळ जातो, पण नंतरची चिंता मिटते.

माल कुठे बनला हा स्वतंत्र मुद्दा आहे, आणि तो माल कुठून निघाला याच्याशी जोडू नका. दिवे एका देशात बनले आणि दुसऱ्या देशातल्या गोदामातून गेले तरी उगम पहिल्याच देशाचा राहतो, आणि शुल्काचा दर उगमावर ठरतो. दोन देशांत व्यापार करार असेल तर सवलतीचा दर मिळतो, पण तो मागावा लागतो. करारात सांगितलेला पुरावा माल निघतानाच जोडलेला बरा. बल्बचा होल्डर आणि वायर तिसऱ्या देशातून आणत असाल, तर वस्तू करारातल्या उगमाच्या नियमात बसते का तेही तपासा. पुरावा हातात नसेल तर अंदाजात पूर्ण दर धरा, सवलतीचा नाही.

लहान पार्सलला शुल्क लागत नाही, अशी एक जुनी समजूत अजून पक्की आहे. ती आता फार ठिकाणी खरी राहिलेली नाही. ऑस्ट्रेलियाने 1 जुलै 2018 पासून 1000 ऑस्ट्रेलियन डॉलरपर्यंतच्या मालावर विक्रीच्या वेळीच जीएसटी घ्यायला सुरुवात केली. ब्रिटनने 1 जानेवारी 2021 पासून 135 पौंडांपर्यंतच्या मालासाठी कर विकतानाच वसूल करायची पद्धत आणली. युरोपीय संघाने 1 जुलै 2021 ला 22 युरोपर्यंतची करमाफी काढून टाकली आणि 150 युरोपर्यंतच्या मालासाठी आयओएसएस नोंदणीची, म्हणजे कर विकतानाच घेऊन एका ठिकाणी भरण्याची, सोय केली. शुल्कातली 150 युरोची सवलतही बंद करायचं त्यांनी ठरवलंय. सगळ्यात मोठा बदल अमेरिकेचा. तिथे 2016 पासून 800 डॉलरपर्यंतचं पार्सल शुल्काशिवाय आत जायचं. चीन आणि हाँगकाँगच्या मालासाठी ही सोय 2 मे 2025 ला बंद झाली आणि बाकी सगळ्या देशांसाठी 29 ऑगस्ट 2025 ला. त्या वेळी अनेक देशांच्या टपाल खात्यांनी अमेरिकेची पार्सलं काही काळ घेणंच थांबवलं होतं. त्याच वर्षी तिथले अतिरिक्त शुल्काचे दरही अनेकदा बदलले. म्हणून कुणाचा दोन वर्षांपूर्वीचा अनुभव ऐकून अंदाज करू नका, आणि माझे हे आकडेही पाठवण्याच्या दिवशी पुन्हा तपासा. दर बघायला युरोपसाठी ॲक्सेस टू मार्केट्स, ब्रिटनचं ट्रेड टॅरिफ आणि अमेरिकेचं अधिकृत दरपत्रक ही सरकारी साधनं इंटरनेटवर मोफत आहेत. खासगी कॅल्क्युलेटर सोयीचे असतात, पण त्यांतही कोड तुम्हीच घालता. कोड चुकला की उत्तर चुकलं.

आता भाडं. तुम्ही दिवे वजनकाट्यावर ठेवलेत, प्रत्येकी साडेचार किलो भरले, आणि किलोला 10 डॉलर धरून 90 काढलेत. कुरियर मात्र काट्यासोबत टेपही लावतो. खोक्याची लांबी, रुंदी, उंची सेंटिमीटरमध्ये गुणायची आणि 5000 ने भागायचं. येईल ते व्हॉल्युमेट्रिक वजन. ते आणि काट्यावरचं वजन यांत जे जास्त, त्यावर भाडं. तुमचा खोका 50 गुणिले 40 गुणिले 40, म्हणजे 80,000. भागिले 5000, म्हणजे 16 किलो. दोन खोके, 32 किलो, 320 डॉलर. तुम्ही साडेचार किलोचा दिवा पाठवलात आणि उरलेल्या साडेअकरा किलोंचं भाडं टोपीखालच्या हवेसाठी भरलंत.

विमानाने मोठा कार्गो पाठवताना सहसा 6000 ने भागतात, म्हणजे एका घनमीटरला सुमारे 167 किलो. समुद्रमार्गे सुटा माल असेल तर एक घनमीटर किंवा एक टन यांत जे जास्त ते. माल हलका आणि जागा खाणारा असेल तर याच कारणाने जहाज परवडतं. पण जहाजात नुसतं भाडं बघू नका. दोन्ही बंदरांवरची हाताळणी, कागदपत्रं, गोदाम, आणि तिथून दारापर्यंतचा ट्रक हे सगळं किमान आकारात येतं. एका घनमीटरच्या आतला माल असेल तर भाडं किरकोळ आणि बंदरावरचे आकार त्याच्या कितीतरी पट असं चित्र मी नेहमी बघतो.

मापं नेहमी भरलेल्या, टेप लावलेल्या खोक्याची बाहेरून घ्यायची. रिकाम्या खोक्यावर छापलेलं माप घेऊ नका. आत भरण दाबून भरलं की पुठ्ठा फुगतो. तुमच्या खोक्याचं प्रत्येक माप फक्त दोन सेंटिमीटरने वाढलं तर 52 गुणिले 42 गुणिले 42, म्हणजे 18.35 किलो. अर्ध्या किलोच्या टप्प्याने वर चढवून 18.5. दोन खोके, 37 किलो. दोन सेंटिमीटरचे 50 डॉलर.

उपाय सोपा आहे. टोपी खांबापासून सुटी करा. दोन्ही टोप्या एकात एक बसवा, खांब आडवे ठेवा, मध्ये पुठ्ठ्याची भिंत घाला. मी असे दिवे बांधून घेतलेत. 50 गुणिले 40 गुणिले 25 च्या एका खोक्यात दोन्ही बसतात. 50,000 भागिले 5000, म्हणजे 10 किलो, 100 डॉलर. खोक्यासकट काट्यावर साडेनऊ-दहाच्या आसपास जाईल, तेव्हा हवेचे पैसे जवळपास संपले. सुटी टोपी वेगळा भाग धरली जाईल का, अशी शंका येईल. नाही. वर्गीकरणाच्या सर्वसाधारण नियमांतला दुसरा नियम सांगतो की सुटे करून एकत्र पाठवलेले भाग म्हणजे पूर्ण वस्तूच. मात्र टोप्या मागाहून दुसऱ्या पार्सलने पाठवल्यात तर त्यांचा कोड वेगळा. नव्या पॅकिंगने हिशेब बघा: मूल्य 510, शुल्क 51, कर 112.20, मिळून 163.20. त्यात कुरियरचे 15. ग्राहकाला सांगायचा आकडा 178.20, आणि तुमच्या भाड्यात 220 डॉलरची बचत. एवढा फरक कोणत्याही कुरियरशी घासाघीस करून मिळाला नसता.

भाड्यावर चिकटणारे बाकीचे आकार म्हणजे इंधन अधिभार, जो सतत बदलतो, आडगावचा पत्ता असेल तर दूरच्या भागाचा आकार, फार लांब खोक्याचा आकार, आणि लिथियम बॅटरी असेल तर धोकादायक मालाचे नियम. रिचार्जेबल दिवा काढायचा विचार असेल तर हे आधी विचारून घ्या. लाकडी पेटी वापरणार असाल तर आयएसपीएम 15 चा, म्हणजे लाकडातून कीड पसरू नये यासाठीच्या आंतरराष्ट्रीय नियमाचा, शिक्का असलेलं, उष्णतेची किंवा दुसरी मान्य प्रक्रिया केलेलं लाकूडच लागतं. प्लायवूडला ती अट नाही. अंदाज मागताना पिनकोडसकट पत्ता द्या आणि ‘सगळे अधिभार धरून’ असं लेखी मागा.

पैसे कोण भरणार, हे विक्रीच्या वेळीच ठरवायचं. विक्रेता आणि ग्राहक यांच्यात खर्च आणि जोखीम कशी वाटायची ते सांगणाऱ्या इन्कोटर्म्स 2020 या आंतरराष्ट्रीय नियमांत 11 संज्ञा आहेत. तुमच्या कामाच्या दोन. डीएपी म्हणजे माल दारापर्यंत तुम्ही पोहोचवायचा, शुल्क आणि कर ग्राहकाने भरायचे. डीडीपी म्हणजे तेही तुम्ही भरायचे. घरगुती ग्राहकाला मी डीडीपीच सुचवतो: एकच किंमत, दारात काही मागणी नाही. त्यात जोखीम तुमची असते, म्हणून अंदाज पक्का हवा. पण समोर दुकान किंवा कंपनी असेल तर घाईने डीडीपी देऊ नका. करनोंदणी असलेल्या व्यावसायिकाला आयातीवरचा कर बहुधा वजा मिळतो, पण त्यासाठी आयातीच्या कागदावर त्याचं नाव लागतं. तुम्ही भरलात तर तो कर सहसा कुणालाच परत मिळत नाही. अशा ग्राहकाला अंदाज देताना शुल्क आणि कर एका ओळीत कोंबू नका. शुल्क हा त्याचा खर्च आहे. कर हा काही काळ अडकणारा पैसा.

शेवटी विनिमय दर. बहुतेक ठिकाणी सीमाशुल्क विभाग बँकेचा त्या दिवसाचा दर घेत नाही, स्वतः जाहीर केलेला घेतो. लहान पार्सलला फरक थोडा पडतो, पण किंमत मर्यादेच्या काठावर असेल तर तो पार्सलला रेषेच्या पलीकडे नेऊ शकतो. म्हणून मर्यादेला खेटून किंमत ठेवू नका.

ग्राहकाला एकच आकडा छातीठोकपणे सांगू नका. लिहा: ‘आजच्या दराने शुल्क 51, कर 112.20, कुरियरचा आकार 15, एकूण अंदाजे 178 डॉलर. हा अंदाज 15 दिवसांसाठी.’ आणि एक वही ठेवा, किंवा एक्सेल. प्रत्येक पार्सलची एक ओळ: देश, कोड, टेपने घेतलेलं माप, तुमचा अंदाज, कुरियरचं प्रत्यक्ष बिल, शुल्काची पावती. कुरियरची बिलं उशिरा येतात, कधी महिन्याने दुरुस्तीचं बिल येतं, तेव्हा त्या ओळीवर परत जा. वीस-पंचवीस ओळी झाल्या की कोणत्या देशात अंदाज नेहमी कमी पडतो ते दिसायला लागतं, आणि तिथे किती टक्के वर धरायचे तेही त्याच वहीतून निघतं. पहिली ओळ या दोन दिव्यांचीच लिहा: अंदाज 120, प्रत्यक्ष 248.60, आणि समोर खोक्याचं माप.